शेवटची सुई

"आबा, तुम्ही गिधाड व्हा ना!"

तेजलने सुंभाची दोरी अंगणभर अशी काही पसरली होती, की कोंबड्यांनासुद्धा वळसा घालून जावं लागत होतं. दोरीच्या एका टोकाला तिची आई दर्शना उभी होती. हातात तांदळाचं सूप, गळ्यात पुठ्ठ्याची पाटी – ‘गवत’. मधे शेळी बांधलेली. तिच्या गळ्यात ‘गाय’, आणि ती गाय स्वतःची पाटी खायच्या बेतात होती. दोरीचं दुसरं टोक तेवढं मोकळं राहिलं होतं. ते तेजलने नेऊन ओटीवर बसलेल्या आजोबांच्या मांडीवर टाकलं.

"गिधाड नको," भिकूआबा म्हणाले. "मी गवत होतो."

"गवत आई झालीय."

"मग तिलाच कर गिधाड."

"अहो बाबा, मी काय घोडं मारलंय तुमचं?" दर्शना सुपाआडून म्हणाली. "आणि तेजू, पटकन आटप. गवताला अजून भात लावायचाय."

तेजल नववीत होती. गेल्या वर्षापर्यंत उत्तर येत असूनही बाकाखाली बघत बसणारी ही मुलगी यंदा अचानक उघडली होती, छत्री उघडावी तशी. फट्‌कन, आणि समोरच्याच्या डोळ्यांत! शनिवारी शाळेत विज्ञान प्रदर्शन होतं. बाकीची मुलं ज्वालामुखी आणि पवनचक्क्या करत होती. तेजलने ठरवलं होतं, आपण अन्नसाखळी करायची. पुठ्ठ्यावर बाण काढलेली नाही, जिवंत माणसांची.

"ऐका. गवत म्हणजे उत्पादक. ते आपलं जेवण आपण बनवतं. गाय त्याला खाते, ती प्राथमिक भक्षक. गाय मेली की तिला कोण खातं? गिधाड. सगळ्यांनी एकच दोरी धरायची, ताठ. मग मी एकाला सांगणार, सोड. एकाने सोडली की सगळ्यांच्या हाताला कळतं! कुणाला काही समजवायलाच नको. बाई म्हणाल्या, तेजल, हे तुला सुचलं कसं?"

"आणि मी कशाला हवाय त्यात?"

"कारण आमच्या अख्ख्या वर्गात एकानेपण गिधाड बघितलेलं नाही. तो सम्यक सांगत फिरतोय मी बघितलंय, पण ते मोबाइलमध्ये. मी बाईंना सांगून टाकलंय, माझ्या आबांनी शेकड्यांनी बघितलीत. ती कुठे बसायची, कशी उतरायची, सगळं. शनिवारी तुम्ही येताय. पाच मिनिटं बोलायचं फक्त."

आबांच्या अडकित्त्यातली सुपारी तशीच राहिली.

"कोणास इचारून सांगितलास?"

"तुम्ही नाही म्हणणार नाही म्हणून सांगितलं."

रविवारचे अकरा वाजत आले होते. जानेवारीचं ऊन तापून अंगणातल्या सारवणाला वास सुटला होता. त्याच वेळी एक सावली घराच्या कौलांवरून घसरली, शेळीच्या पाठीवरून गेली, दोरी ओलांडून कुंपणापलीकडे निघून गेली. भिकूआबांच्या हातातून अडकित्ता खाली पडला. कानात तो आवाज आला. उंचावरून कुणी नवं मांजरपाट टराटरा फाडत खाली यावं, तसा वारा कापत येणारा.

"घार आहे आबा," तेजल हसत म्हणाली. "केवढे दचकता!"

आवाज घारीचा नव्हता. घारीला आवाज नसतो. पण हे आबा कुणाला सांगणार? वीस-बावीस वर्षं झाली, रोज अकराच्या सुमाराला, जमीन तापून वारा वर चढायला लागला की त्यांना तो ऐकू येई. वर पाहिलं की आभाळ मोकळं. असं मोकळं, की बघवत नसे.

---

आंजर्ल्याच्या अलीकडे, खाडी सोडून वर चढलं की ऐनकोंड लागतं. तिथे भिकू गमऱ्यांना सगळे डॉक्टर म्हणत. ते डॉक्टर नव्हते. गुरांच्या सरकारी दवाखान्यात ते ड्रेसर होते, आणि नेमणुकीच्या कागदावर त्यांचा हुद्दा ‘व्रणोपचारक’ असा होता. तो शब्द एका दमात म्हणणारा माणूस ऐनकोंडात पैदा झाला नव्हता. म्हणून मग डॉक्टर. छत्तीस वर्षं त्यांनी सायकलवरून, पुढे मोटरसायकलवरून, गावोगावच्या गोठ्यांत जाऊन जखमा धुतल्या, खुरं साफ केली, अडलेली वासरं ओढून काढली.

ज्या गोठ्यांत ते पाहुण्यासारखे जात आणि कपबशीतून चहा पीत, त्याच गोठ्यांच्या मागच्या दाराशी त्यांचा बापूस उभा राही. बापूस मेलेली गुरं ओढायचा. खांद्यावर बांबू, बांबूला ढोर, आणि तसं दोन मैल चढण चढून वरच्या कातळावर, ढोरसड्यावर नेऊन टाकायचं. दीक्षा घेतली त्या वर्षी बापसाने तो बांबू चुलीत घातला आणि गावाला निरोप धाडला, यापुढे तुमची ढोरं तुम्ही उचला.

गाव चिडलं. वरच्या वाडीतल्या एकाने तर रागाच्या भरात आपला मेलेला बैल रात्रीतून गमऱ्यांच्या दारात आणून टाकला. बापूस त्याला हात लावेना. दोन दिवस गेले. दार लावून घरातली माणसं नाकाला पदर धरून बसली. तिसऱ्या दिवशी अकराच्या सुमाराला तो आवाज आला. एक उतरलं, मग चार, मग मोजता येईनात. अंगण काळं-पांढरं झालं. तासाभराने ती उडाली, तेव्हा दारात नुसता सांगाडा होता, धुऊन ठेवल्यासारखा.

भिकू तेव्हा तीन-चार वर्षांचे. आईच्या काखेतून, दाराच्या फटीतून त्यांनी ते पाहिलं. बापसाचं वाक्य मात्र त्यांनी पुढे शंभर वेळा ऐकलं. "जे काम मी नाय म्हटला, ते त्यांनी केलान. जात नाय इचारली नि पाणी नाय तोडला. ती आपली माणसा हायत रे पोरा."

आणि मग नव्वद सालानंतर कधीतरी ती सुई आली.

डायक्लोफेनॅक. दुखणं थांबवणारं औषध. नांगराला धरलेला बैल पाय दुमडून बसायचा. सुई टोचली, विडी ओढून होईपर्यंत थांबलं, की तो उभा! लोक डोळे विस्फारायचे. ‘गमऱ्यांची सुई’ असं तिला नावच पडलं. आबांना माणसासारखंच जनावराचं कण्हणं सहन होत नसे, त्यामुळे त्यांनी स्वतःहून एक रीत पाडली. म्हातारं जनावर शेवटचं खाली बसलं, आता उठत नाही हे कळलं, की ते जाऊन त्याला एक सुई देत. बरं व्हावं म्हणून नाही. सुखाने जावं म्हणून. हळूहळू गावोगाव तो शिरस्ताच झाला. "डॉक्टर, आमच्या ढवळीला शेवटची सुई द्या," म्हणून माणसं डोळे पुसत यायची. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी ढवळी ढोरसड्यावर जायची.

गिधाडं माना टाकायला लागली, तेव्हा आबांना वाटलं, साथ आली असेल. माडांच्या शेंड्यांवर ती दिवसच्या दिवस बसून राहत, मान पोटाशी लोंबती, जणू कुणीतरी रागावलंय. मग एखादं खाली पडे. धप्प.

असंच एक त्यांच्या परसातल्या माडाखाली पडलं. जिवंत होतं. आबांनी त्याला मांडीवर घेतलं. पंख दाराच्या फळीएवढा. मानेत त्राण नाही. दुखत असणार, दुसरं काय! आबांनी पेटी उघडली, कोंबडीचं माप काढावं तसं थोडंसंच औषध ओढलं आणि त्याला सुई दिली. तीच. पाठीवरून हात फिरवत म्हणाले, "आता बरा वाटंल हां."

त्याने डोळा उघडून त्यांच्याकडे पाहिलं. उन्हं कलायच्या आत ते मेलं.

पुढे काही वर्षांनी रत्नागिरीला प्रशिक्षण होतं. पडद्यावर मेलेल्या गिधाडाचं पोट उघडून दाखवलं. आतल्या अवयवांवर चुन्यासारखा पांढरा थर. साहेब सांगत होते, औषध गायीच्या अंगात राहतं, गाय मेली की गिधाडाच्या अंगात जातं, त्याची मूत्रपिंडं बंद पडतात. आता हे औषध गुरांना द्यायचं नाही, सरकारने बंद केलं आहे, त्याऐवजी दुसरं वापरा. सगळ्यांनी माना डोलावल्या. आबांनी सही केली, वाटलेला बटाटेवडा हातात धरून ते एसटीत बसले. दापोली आली तरी तो हातातच होता.

गावात त्यांनी सांगितलं, कंपनीने ती सुई काढायची बंद केली. दुसरं काही सांगितलं नाही. कुणालाच नाही.

गिधाडं गेल्यावर ढोरसड्यावर कुत्री वाढली. गलेलठ्ठ, डोळ्याला डोळा भिडवणारी कुत्री. तेजल सहा वर्षांची असताना त्यातलं एक खाली वाडीत आलं आणि तिची पोटरी फोडून गेलं. पाच इंजेक्शनं घ्यावी लागली. पाचही वेळा आबांनी तिला मांडीवर धरलं होतं, आणि प्रत्येक वेळी सुई आत जाताना त्यांना वाटलं होतं, ही निघाली कुठून आणि फिरून आली कुठे! तेजलला त्या व्रणाचा केवढा अभिमान. मैत्रिणींना मोजा खाली करून दाखवायची. पोरगी दोरी घेऊन अंगणभर नाचत होती, तिला कुठे ठाऊक होतं, की ही अख्खी दोरी तिच्या आजोबांनी एकट्याने, शेवटपर्यंत पाहिलेली आहे.

---

गुरुवारी दुपारी हरिश्चंद्र आला. वरच्या वाडीतला, साठीचा माणूस. अंगात घाईघाईने चढवलेला सदरा.

"डॉक्टर, वायच चला. तांबी बसलीय."

"कवापासून?"

"तीन दिस झाले. आज मानच उचलत नाय."

तांबी अठरा वर्षांची होती, आणि हरिश्चंद्रच्या गोठ्यातलं शेवटचं जनावर. आबांनी पेटी काढली. आत आता कात्री, कापूस आणि जुनी काचेची पिचकारी एवढंच होतं. तेजल शाळेतून आली होती, तिने पेटी हिसकावलीच. "मी येते! प्राथमिक भक्षक बघायला."

गोठ्यात शिरताच मात्र तिची बडबड थांबली. तांबी एका कुशीवर पडली होती. दर श्वासाला तिच्या घशातून घरघर उमटे, आणि शेवटी बारीकसं कण्हणं. हरिश्चंद्रची बायको मालन तिच्या तोंडाशी बसून ओल्या फडक्याने माशा वारत होती.

आबांनी डोळे पाहिले, कान चाचपले, पोटावर हात ठेवला. मग नुसतीच मान हलवली.

"कळलाच होता," हरिश्चंद्र म्हणाला. खिशातून त्याने कागदाची पुडी काढली. "म्हणून पोराला सांगून मुंबयसून मागवून ठेवलाय. माणसांचा हाय, पण औषध तेच. तुम्ही वायच जास्त घ्या. शेवटची सुई द्या तिला."

पुडीत काचेच्या चार कुप्या होत्या. आबांनी त्या वाचल्या. वाचायची गरज नव्हती.

"ही मी देणार नाय, हरिश्चंद्रा."

"का?"

"दवाखान्यात दुसरा औषध हाय. थांब." त्यांनी तिथेच फोन लावला, बोलले, ठेवला. "साहेब गुहागरला शिबिराला गेलेत. उद्या सकाळी येतील."

"उद्या सकाळपर्यंत तिने असाच पडायचा?"

तांबी कण्हली.

मालनने फडकं बादलीत टाकलं. "गावातल्या झाडून सगळ्या ढोरांना दिलीत. आमच्या तांबीचा नंबर लागला नि तुमची सुई संपली? मला काय कळत नाय, डॉक्टर? सासऱ्यांनी तुमच्या दारात बैल टाकलान, तो तुम्ही इसरला नाय."

"मालन!" हरिश्चंद्र ओरडला.

"का? खोटा बोलते मी? इतकी वर्षा चहा पितात आपल्याकडं, पण मनातला काढलाच शेवटी."

"कुठला बैल?" तेजलने विचारलं.

भिकूआबा उकिडवे बसले होते, ते हळूच भिंतीला टेकले. किती सोपं होतं! मालनने स्वतःच वाट काढून दिली होती. नुसतं गप्प राहायचं. गाव म्हणालं असतं, म्हाताऱ्याने बापसाचा सूड घेतला, आणि काहींनी मनातून बरंच केलं असंही म्हटलं असतं. सूड लोकांना कळतो. शनिवारी शाळेत जाऊन पाच मिनिटं गिधाडांच्या गोष्टी सांगता आल्या असत्या. पोरीच्या डोळ्यांतलं ते सगळं जसंच्या तसं राहिलं असतं.

तेजल पेटी छातीशी धरून त्यांच्याकडे बघत होती.

"बैलाचा नाय हो वहिनी," आबा म्हणाले. "तो बैल आमच्या दारातून उचलला कोणी? गिधाडांनी. माझ्या बापसाची लाज राखलीन त्यांनी. आणि त्यांना मी मारला."

"तुम्ही? तुम्ही कशाला माराल?" हरिश्चंद्र म्हणाला. "ती रोगाने मेली."

"रोग नव्हता. ही व्हती." त्यांनी कुपी वर धरली. गोठ्याच्या फटीतून आलेल्या उन्हात ती पाण्यासारखी चमकली.

"सुई तर तुम्ही गायीला देत व्हता."

"गायीलाच देत व्हतो."

कुणालाच काही कळलं नाही, आणि मग तेजलला कळलं. तिच्या तोंडावरून ते सरकताना आबांना दिसलं, अंगणातून ती सावली सरकली होती तसंच.

"गाय," ती हळू म्हणाली. "मग गिधाड." तिने एका पायाने दुसऱ्या पायाची पोटरी खाजवली. जिथे व्रण होता तिथे. "मग कुत्रे."

"व्हय," आबा म्हणाले.

हरिश्चंद्रने तांबीकडे पाहिलं. मग त्याने विचारलं.

"पण आता ती हायत कुठं, डॉक्टर? जी नायतच, त्यांच्यापायी माझी गाय तळमळवायची?"

"आंजर्ल्याला दोन दिसली गेल्या महिन्यात," तेजल म्हणाली. आवाज तिचा नेहमीचा नव्हता. "बाईंनी सांगितलं."

"दोन," मालन म्हणाली. उठली, आणि घरात निघून गेली. चहा आला नाही.

हरिश्चंद्रने कुप्या परत पुडीत बांधल्या, पुडी खिशात घातली. "मग बसा," एवढंच म्हणाला.

आबा बसले. औषध नव्हतं, हात होते. गोणीत पेंढा भरून त्यांनी तांबीच्या मानेखाली दिला. दर थोड्या वेळाने हरिश्चंद्रच्या मदतीने तिची कूस बदलली, गरम पाण्याने पाय शेकले, कानामागे चोळलं. तेजल पाणी आणत राहिली. तांबीचं दुखणं यातल्या कशाने थांबलं नाही. ते लपवण्यात अर्थ नाही. ती कण्हतच राहिली, आणि प्रत्येक कण्हण्याला घरातून मालनच्या भांड्यांचा आवाज मोठा होत गेला. दिवेलागणीच्या सुमाराला तांबीने पाय ताणले आणि ती गेली.

घरी येताना तेजल अर्धी वाट काही बोलली नाही. तिच्यासाठी हा विक्रमच होता.

"तुम्ही मुद्दाम नाही केलंत," शेवटी ती म्हणाली.

"नाय."

"मग झालं तर."

"मुद्दाम केला असता तर कवातरी थांबलो असतो गो. चांगला करतोय म्हणून केला, म्हणून थांबलोच नाय."

---

शुक्रवारी सकाळी हरिश्चंद्र पुन्हा दारात. मागे पुतण्याचा टेम्पो, त्यात ताडपत्रीखाली तांबी.

"डॉक्टर, ओढायला तुमास बोलवत नाय," तो घाईघाईने म्हणाला. "तुमास कोण बोलवील? जागा तेवढी दाखवा."

भिकूआबा पुढे चालले. टेम्पो पायथ्याशी थांबला. तिथून पुढे हरिश्चंद्रने, पुतण्याने आणि आणखी दोघांनी दोऱ्या खांद्यावर घेतल्या. आबा त्यांच्यापासून वीस पावलं पुढे, हात पाठीमागे बांधून. दोरीकडे त्यांनी एकदाही वळून पाहिलं नाही. सड्यावर गवत वाळून सोनेरी झालं होतं. मधूनच काळा कातळ. त्यांनी झुडपं टाळली, उतार टाळला, आणि एका सपाट, उघड्या जागी येऊन थांबले.

"इथं. त्यांना उडायच्या आधी धावायला जागा लागते."

पुतण्या हसणार होता, पण हरिश्चंद्रने त्याच्याकडे पाहिलं.

माणसं गेली. आबा आणि शाळा बुडवून आलेली तेजल, दोघं एका करवंदीच्या जाळीआड बसून राहिली. दहा वाजले. अकरा. जमीन तापली, वारा वर चढू लागला. आबांच्या कानात तो आवाज सुरू झाला आणि त्यांनी मान वर केली. आभाळ मोकळं. कावळे आले. मग दोन कुत्री आली. तेजलने त्यांना दगड मारले, दगड संपले तेव्हा शिव्या दिल्या, आणि एक शिवी तर अशी, की आबांनी तिच्याकडे चमकून पाहिलं.

"कुठं शिकलीस?"

"शाळेत," ती म्हणाली, आणि रडायला लागली.

एक वाजता ती दोघं उठली.

---

शनिवारी भिकूआबा इस्त्रीचा सदरा घालून शाळेत आले. मैदानात दोरी ताणलेली होती. ‘गवत’ म्हणून पाचवीची एक चिमुरडी, ‘गाय’ म्हणून योगिनी नावाची उंच मुलगी, आणि टोकाला सम्यक, गळ्यात ‘गिधाड’. रात्रीत तेजलने आणखी एक पाटी केली होती, ‘कुत्रा’. ती तिने स्वतःच्याच गळ्यात घातली होती.

बाईंनी आबांना खुर्ची दिली. आबा बसले नाहीत.

"बाई, एक कोरा पुठ्ठा मिळंल? आणि तो रंगाचा पेन."

खुर्चीवर पुठ्ठा ठेवून त्यांनी सावकाश, एकेक अक्षर काढलं. मुलं माना उंचावून बघत होती. मग त्यांनी ती पाटी गळ्यात अडकवली आणि गाय आणि गिधाड यांच्या मधे जाऊन उभे राहिले. दोरी डाव्या हातात धरली.

पाटीवर ‘सुई’ लिहिलेलं होतं.

"मी भिकू गमरे," ते म्हणाले. एवढ्या मुलांसमोर ते कधी बोलले नव्हते. "मी गुरांच्या दवाखान्यात व्हतो. मी इथं उभा व्हतो. कोणाला दिसलो नाय. मलापण नाय." मग थांबले. पाच मिनिटं झाली नव्हती, अर्धंही झालं नव्हतं. पण पुढे त्यांना काही सुचेना. त्यांनी सम्यककडे पाहून म्हटलं, "बाळा, सोड तू आता."

सम्यकने तेजलकडे पाहिलं. तेजलने मान हलवली. त्याने दोरी सोडली, पाटी काढली आणि तो बाजूला जाऊन उभा राहिला. दोरी ढिली पडली. योगिनीच्या हाताला कळलं, चिमुरडीच्या हाताला कळलं, आणि कुणी काही समजावलं नाही.

दोरीचं मोकळं टोक मातीत पडलं होतं. आबा वाकले, त्यांनी ते उजव्या मुठीला एक वेढा देऊन धरलं आणि हात मागे केला, जिथे आधी सम्यक उभा होता तिकडे.

अकरा वाजले असावेत. मैदानावरून एक सावली सरकत गेली. मुलांच्या रांगांवरून, बाईंच्या पदरावरून, दोरीवरून. सगळ्या शाळेने माना वर केल्या. कुणी म्हणालं घार, कुणी म्हणालं नाही रे.

तेजलनेही वर पाहिलं. मग तिने आजोबांकडे पाहिलं.

त्यांनी मान वर केली नव्हती. हात तसाच मागे धरून ते उभे होते, पलीकडून दोरीला ओढ बसते का बघत.